राखेची बादली

ऑफिसात तिला सगळे कात्री म्हणत, आणि तिलाही ते आवडे. माहितीपट जोडणाऱ्या माणसाचं निम्म्याहून जास्त काम कापण्याचंच असतं. कॅमेरेवाल्या मामांनी दीड वर्ष डोंगर पालथा घालून चारशे तासांचं चित्रण आणलं होतं: छपरावरची माकडं, शाळेच्या पायऱ्यांवर झोपलेला कोल्हा, माणसांच्या वाटेने माणसांसारखंच उतरणारं अस्वल. त्यातली अठ्ठेचाळीस मिनिटं ठेवायची, बाकीची टाकायची, आणि बघणाऱ्याला मात्र काही टाकलंय असा संशयही येऊ द्यायचा नाही. ज्याला हे जमतं त्याला ऑफिसात मान होता. कात्रीला ते फार छान जमत असे.

माहितीपट येऊन वर्ष झालं, लोकांनी तो डोक्यावर घेतला, आणि एका सकाळी तिच्या टेबलावर एक पत्र येऊन पडलं. पाकिटावर ऑफिसचे मालक असलेल्या सरांचं नाव होतं. सरांनी ते वाचून तिच्याकडे सरकवलं होतं. वर पेन्सिलीने लिहिलं होतं, ‘उत्तर देऊ नये.’

पत्र त्या डोंगरातल्या गावच्या शाळामास्तरांचं होतं. अक्षर फळ्यावरच्यासारखं टपोरं, एकही खाडाखोड नाही.

‘आपला माहितीपट आम्ही शाळेत मुलांना तीनदा दाखवला. त्यात आमच्या गावच्या शिवणकाकू आपल्या कुंपणाच्या भिंतीवरून बादली रिकामी करतात आणि पलीकडे अस्वल खाताना दिसतं. पुढे काय झालं ते कदाचित आपल्यापर्यंत पोचलं नसेल. गाड्या भरून लोक येऊ लागले आणि काकूंच्या भिंतीपाशी पाव, बिस्किटं ठेवू लागले. अस्वल धीट झालं. उन्हाळ्यात ते खालच्या आळीत गिरणीवाल्याच्या स्वयंपाकघरात शिरलं आणि त्याचा दंड फाडला. अस्वलाला पिंजऱ्यात घालून नेलं. आता जंगलखातं म्हणतं की ही सवय काकूंनी लावली. काकूंचं घर जंगलखात्याच्या जमिनीवर, परवान्यावर उभं आहे. येत्या बुधवारी शाळेत सुनावणी आहे आणि घर खाली करण्याचा हुकूम निघणार, असं सगळे धरून चालले आहेत. पुरावा एकच, आपला माहितीपट. काकू म्हणतात, मी जनावराला कधी काही घातलं नाही. पण गावाने डोळ्यांनी पाहिलं आहे, तेव्हा त्यांचं कोण ऐकणार? मूळ चित्रण असल्यास कृपया पाठवावे.’

कात्रीचे कान तापले. तिने पत्र उलटं ठेवलं, मग सुलटं केलं, मग पुन्हा उलटं.

तिने काय केलं होतं ते नीट सांगायला हवं, कारण माहितीपट कसे जोडतात हे सगळ्यांनाच ठाऊक असतं असं नाही. काकूंचं बादलीचं चित्र होतं भर हिवाळ्यातलं, दहिवर पडलेल्या सकाळचं. अस्वलाचं चित्र होतं त्याच्या चार महिने आधीचं, आणि तेही तीन मैल खाली एका हॉटेलच्या उकिरड्यावरचं. दोन्ही एकापुढे एक ठेवली की बघणाऱ्याचं मन मधली जागा आपणच भरून काढतं. बाई टाकते, अस्वल खातं. कुणाला खोटं सांगावं लागत नाही, माणूस स्वतःच स्वतःला सांगतो. उकिरड्याच्या चित्राला तिने थोडा निळा रंग दिला, म्हणजे तिथेही थंडी वाटावी. आणि काकूंच्या चित्रातला आवाज काढून तिथे बासरी घातली.

तो आवाज तिने ऐकला होता. सगळी गोम तिथे होती.

मामा खिडकीशी बसून भिंगं पुसत होते. ती त्यांच्याजवळ जाऊन उभी राहिली.

“मामा, ती राखेची बादली आठवते?”

“न आठवायला काय झालं? मी तेव्हाच म्हटलं होतं, अगं कात्रे, ही राख आहे ना? तू काय म्हणालीस?”

तिला आठवत होतं. ती म्हणाली होती, ‘प्रेक्षकाला काय कळतंय, मामा.’

“मग मीही गप्प बसलो,” मामा म्हणाले. “टाळ्या पडल्या तेव्हा माझ्या वाटणीच्या मीही घेतल्या की. तुला एकटीला कशाला बोलू?” त्यांनी भिंग उजेडात धरलं. “मला तिकडे जायचं तोंड नाही. त्या बाईने मला दोन हिवाळे गरम पाणी दिलंय आंघोळीला.”

सरांनी तिला आत बोलावलं. सर वाईट माणूस नव्हते. घरात आजारी आई, बाहेर पंधरा माणसांचं ऑफिस, आणि पुढच्या माहितीपटाचं सगळं ह्याच माहितीपटाच्या नावावर उभं.

“हे बघ, एका तुकड्यापायी सगळ्यांचं तोंड काळं करायचं का?” ते म्हणाले. “नजरचूक झाली. चारशे तासांत होते. तू काही मुद्दाम केलं नाहीस.”

इथे तिने ‘केलं’ म्हणायला हवं होतं. ती म्हणाली, “हो, सर.”

आणि मग घरी जाऊन दोन दिवस ती त्या ‘हो, सर’शीच भांडत बसली. मंगळवारी तिने तब्येतीचं कारण सांगून रजा टाकली, मूळ चित्रण आणि आपली कामाची वही पिशवीत घातली आणि डोंगराची गाडी धरली.

गाव तिला पाठ होतं. कुठल्या वळणावर पाण्याचा नळ आहे, कुठल्या घराची खिडकी फुटकी आहे, सगळं माहीत. पाय मात्र पहिल्यांदाच लागत होते, आणि चित्रात जी वाट चार सेकंदांत संपे ती चढताना तिला तीनदा थांबावं लागलं.

शाळेच्या ओसरीत एकच बाई बसली होती. बुटकी, गळ्यात मोजायची टेप, झग्याच्या गळपट्टीला टोचलेल्या चार टाचण्या. कात्रीने तिला शेकडो वेळा पुढे-मागे करून पाहिलं होतं. हसताना डावा डोळा आधी मिटतो हेही तिला ठाऊक होतं. बाईला मात्र ही कोण, कुठली, काहीच पत्ता नव्हता.

“साहेब अजून यायचेत,” शिवणकाकू म्हणाल्या. “बस. अगं, तुझ्या कोटाचं अस्तर उसवलंय सगळं. असं लोंबकळत आलीस एवढ्या लांबून?”

“असू दे, काकू.”

“असू दे काय? काढ. हाताला चाळा नसला की मला नुसतं कसंतरी होतं. आज तर जास्तच.”

कात्रीने कोट काढून दिला. नको म्हणायला कारण सांगावं लागलं असतं. काकूंनी खिशातून सुई काढली, उजेडाकडे धरून दोरा ओवला आणि बारीक, एकसारखे टाके घालू लागल्या.

“तू जंगलखात्याची का?”

“नाही. शहरातून आले. सुनावणीसाठीच.”

“सुनावणी!” काकू म्हणाल्या. “म्हणे मी अस्वलाला जेवू घातलं. अगं, मी एवढी सुगरण असते तर माझा नवरा मरेपर्यंत मीठ कमी, मीठ कमी करत राहिला असता का?” त्यांचा डावा डोळा मिटला, पण उजवा मिटला नाही. “वरची यायची, नाही असं नाही. ती अस्वलीण, तिला आम्ही वरचीच म्हणायचो. ती तिच्या वाटेनं, मी माझ्या वाटेनं. समोर आली की मी उभी राहायची, ती बघायची आणि वळायची. इतक्या वर्षांत तिने माझ्या दाराला नाक लावलं नाही. माझ्या शेजारणी अशा असत्या तर बरं झालं असतं.”

“काकू,” कात्री म्हणाली.

“काय गं?”

“काही नाही.”

“घे.” काकूंनी दोरा दातांनी तोडला. “आता दहा वर्षं बघायला नको.”

कात्रीने कोट घातला. तो अंगाला नीट बसला, आणि तेच तिला सहन होईना.

जंगलखात्याचे साहेब आले, मागोमाग गाव आलं. वर्गातले बाक बुटके, मुलांच्या मापाचे. साहेबांचे गुडघे छातीला लागत होते. भिंतीवर मुलांची चित्रं होती, वीस-पंचवीस तरी असतील, आणि बहुतेकांत एकच: भिंत, बादली, बाई, अस्वल. काहींत अस्वल आणि बाई एकमेकांकडे बघून हसत होती. मास्तर उंच, वाकलेले, मागच्या बाजूला खडूने भरलेले हात धरून उभे राहिले.

साहेबांनी आधी माहितीपटातला तो भाग लावला. काकू, बादली, बासरी, अस्वल. सगळ्यांनाच तो पाठ होता.

मग कात्री उठली. मी तिथून आले, माहितीपटाच्या ऑफिसातून, तो जोडणारी मीच, असं म्हणाली. काकूंनी वळून पाहिलं. कात्रीने त्यांच्याकडे न बघता मूळ चित्रण लावलं. पडद्याच्या कोपऱ्यात तारीख होती. दहिवराने पांढरी झालेली भिंत, काकूंच्या तोंडातून निघणारी वाफ. मामांचा आवाज आला, “काकू, काय टाकताय?” आणि काकूंचा, “राख रे बाबा. वाट गोठली की पाय सटकतो. परवा पोस्टमन असा आपटला, टपालाच्या आधी स्वतःच पोचला खाली!” मामा हसले, काकू हसल्या आणि बादली ठोकून रिकामी केली. राखेचा करडा ढग उठून बसला. मग दुसरं चित्र, दुसरी तारीख, हॉटेलचा उकिरडा, हिरवं गवत, अस्वल.

“म्हणजे दोन वेगळे दिवस,” साहेब म्हणाले.

“थांबा साहेब,” गिरणीवाला उठला. त्याचा उजवा हात अजून नीट वर जात नव्हता. “मला एक सांगा. ही बाई कोण? तुकडे जोडणारी. पहिल्यांदा जोडला तेव्हा आम्हाला खरा वाटला. आज दुसरा जोडून आणलाय, तोही खराच वाटतोय. काकूंनी रडून-भेकून बोलावलं असेल, हिला दया आली असेल. तारीख काय, ती पण घालता येत असेल ह्यांना. येते की नाही हो घालता?”

“येते,” कात्री म्हणाली.

“बघा!”

वर्गात कुजबुज झाली. साहेबांनी पेन टेबलावर आडवं ठेवलं. “बाई, ह्यांचं म्हणणं अगदीच टाकाऊ नाही. पहिल्या वेळी नेमकं झालं काय? नजरचूक?”

सरांनी दिलेला शब्द तिच्यासमोर आयता आला होता. नुसती मान हलवली असती तरी चाललं असतं.

“चारशे तास बघायचे म्हणजे डोळे फुटायचे की,” काकूच म्हणाल्या. “झालं असेल पोरीकडून. चुकून.”

“चुकून असेल,” गिरणीवाला म्हणाला, “तर आजही चुकून नसेल कशावरून? मग तो हुकूम काढा तुम्ही, साहेब.”

आपली नजरचूक म्हटली तर आजचा पुरावाही नजरचुकीच्याच भावाने जाईल आणि काकूंचं घर जाईल, हे कात्रीला तेव्हा लख्ख दिसलं. तिने पिशवीतून वही काढली. रोज कुठला तुकडा कुठे लावला, त्याची ती नोंद ठेवत असे. पान शोधायला वेळ लागला.

“हे माझं अक्षर आहे,” ती म्हणाली. “वाचते. ‘तुकडा तीनशे बारा. काकू वाटेवर राख टाकतात. मूळ आवाज काढणे, बासरी घालणे. पुढे सत्याऐंशी जोडणे, अस्वल, हॉटेलचा उकिरडा. रंग निळा करणे, म्हणजे थंडी वाटेल.’” तिने वही साहेबांपुढे ठेवली. “नजरचूक नव्हती. मी आवाज ऐकला होता. मला माहीत होतं.”

साहेबांनी वही वाचली आणि गिरणीवाल्याकडे सरकवली. तो ओठ हलवत वाचू लागला. वाचून झाल्यावर त्याने आपला दुखरा हात दुसऱ्या हाताने धरला आणि खाली बसला.

“पुन्हा वाच,” काकू म्हणाल्या.

“काकू...”

“पहिली ओळ तेवढी वाच.”

“‘काकू वाटेवर राख टाकतात.’”

“राखच लिहिलंयस ना?”

“हो.”

काकू उठल्या नाहीत की ओरडल्या नाहीत. त्या आपल्या टेपचं टोक बोटाला गुंडाळत, सोडत बसल्या. “माझी सख्खी बहीण मला म्हणाली, अगं, जगाला नको सांगू, पण मला तरी खरं सांग. तिला म्हटलं, नाही गं घातलं. तर म्हणाली, बरं बाई, नसशील घातलं. असं ‘बरं बाई’ म्हणाली. मग मीच रात्रंदिवस आठवायला लागले. घातलं असेल का मी कधी? एखादा बटाटा? एखादं साल? मला वाटायला लागलं, म्हातारपणी डोकं फिरलं माझं. पडद्यावर मीच तर होते ना.” त्या थांबल्या. “का केलंस?”

कात्रीने गाडीत बसून ह्याची पुष्कळ उत्तरं तयार केली होती. वेळ कमी होता. सरांना गोड शेवट हवा होता. कुणाला त्रास होईल असं वाटलं नव्हतं. सगळी खरी होती, आणि एकही खरं नव्हतं.

“छान दिसत होतं,” ती म्हणाली.

कुणीतरी मागे हुंकार भरला. काकूंनी तिच्याकडे बघितलं, चेहऱ्याकडे नाही, कोटाकडे. आत्ताच घातलेल्या टाक्यांच्या जागेकडे. आणि मान वळवून खिडकीबाहेर बघू लागल्या. त्यांनी एक थोबाडीत दिली असती तर कात्रीला जरा बरं वाटलं असतं.

साहेबांनी घर खाली करण्याचा हुकूम निघणार नाही असं लिहिलं, परवाना तसाच चालू राहील असं लिहिलं, आणि कात्रीची सही घेतली. लोक उठले. काही काकूंजवळ जाऊन घुटमळले. गिरणीवाला दारापर्यंत गेला, परत आला आणि म्हणाला, “काकू, चला, सोडतो वरपर्यंत.” काकू म्हणाल्या, “मला वाट माहीत आहे.” आणि एकट्याच निघाल्या.

“साहेब, अस्वल?” कात्रीने विचारलं.

“ते नाही आता येत. माणसाच्या हातचं खायला लागलेलं जनावर आम्ही परत सोडत नाही. कुंपणात आहे. खातं-पितं.” साहेबांनी कागद फायलीत घातले. “हिंडत असतं दिवसभर. एकाच बाजूला.”

वर्ग रिकामा झाला तेव्हा मास्तर पुढे आले. “तुमची गाडी चारला आहे. मुलं पलीकडच्या खोलीत आहेत. हे त्यांनाही सांगा.”

“तुम्हीच सांगा ना, मास्तर. तुमचं ऐकतील.”

“ऐकतील,” मास्तर म्हणाले, “पण खरं मानणार नाहीत. माझ्यापेक्षा तुमच्यावर विश्वास आहे त्यांचा. चला.”

पलीकडच्या खोलीत वीसेक मुलं चटयांवर बसली होती. मास्तरांनी तिची ओळख करून दिली, “आपण पाहिली ती फिल्म ह्यांनी जोडली,” तशी सगळ्यांचे चेहरे फुलले. एकाने तर टाळी वाजवली. तिने मास्तरांकडून दोन कागद मागून घेतले. एकावर बादली काढली, दुसऱ्यावर अस्वल. आधी एक दाखवला, मग लगेच दुसरा. मग दोन्ही लांब लांब धरले आणि मधे चार महिने आणि तीन मैल आहेत, असं सांगितलं. बादलीत राख होती हे सांगितलं. आपल्याला ते माहीत होतं, हेही सांगितलं. ते सांगताना तिचा आवाज बारीक झाला तेव्हा मास्तर म्हणाले, “मागच्यांना ऐकू येत नाही.” तिने पुन्हा सांगितलं, मोठ्याने.

मग पुढे बसलेली, दोन वेण्यांची एक मुलगी म्हणाली, “पण थंडीत वरची झोपते. मास्तरांनी शिकवलं होतं.”

“बरोबर शिकवलं होतं,” कात्री म्हणाली.

“पण फिल्ममध्ये थंडी होती आणि ती जागी होती. म्हणून आम्ही म्हटलं, मास्तर, तुमचंच चुकलं.”

“आणि मी म्हटलं, असेल बुवा,” मास्तर म्हणाले. “मी काही रात्रंदिवस अस्वलाबरोबर नसतो.” ते हे सहज म्हणाले, मुलांना हसू यावं म्हणून. दोघं-चौघं हसलीही. कात्रीला वर बघवेना.

“मग आता वरचीला सोडतील ना?” मुलीने विचारलं. “काकूंनी काही घातलंच नव्हतं, म्हणजे तिची पण काही चूक नाही.”

“तिची चूक नाही. पण सोडणार नाहीत. नंतर आलेल्या लोकांनी तिला खरंच खायला घातलं. ते माझी फिल्म बघून आले होते. आता ती माणसांना भीत नाही, म्हणून तिला सोडता येत नाही.”

मुलीने हे सगळं मनात एकापुढे एक लावून बघितलं. मधे एकदा अडली, मागे गेली, पुन्हा पुढे आली. तिचा चेहरा बघून कात्रीला कळलं की आता तिला सगळं कळलं आहे.

“तुम्ही काकूंना सांगितलं,” ती म्हणाली. “आम्हाला पण सांगितलं. तिला सांगितलं का?”

“कुणाला?”

“वरचीला.”

मागून कुणीतरी खुदकन हसलं. मास्तर हसले नाहीत. मुलगी तर नाहीच, ती उत्तराची वाट बघत होती, मान थोडी वर करून, शिकवणाऱ्याकडे बघावं तशी.

“नाही,” कात्री म्हणाली. “तिला नाही सांगता येत.”